भाता फुंकणाऱ्याचा चेहरा

किमयेवर जे हाताला लागेल ते मी कॉलेजपासून वाचत आलो आहे. लोखंडाचं सोनं करणाऱ्यांच्या गोष्टी सगळ्यांनाच आवडतात, मला मात्र त्या माणसांच्या दुखण्यांनी ओढ लावली. त्यातला माझा सगळ्यात लाडका रोगी कधी जन्मलाच नाही. तो चॉसरच्या काव्यात भेटतो.

जेफ्री चॉसर १४०० साली वारला तेव्हा ‘कँटरबरी टेल्स’ अपुरंच राहिलं होतं. त्यात कँटरबरीच्या वाटेवरची यात्रेकरू मंडळी बॉटन गावापाशी येतात, तेवढ्यात मागून दोघं घोडे फेकत येऊन त्यांना गाठतात. एक कॅनन, म्हणजे धर्मपीठातला माणूस, आणि दुसरा त्याचा गडी. कॅनन सोनं बनवण्याच्या नादात बुडालेला, आणि गडी सात वर्षं त्याची भट्टी फुंकतो आहे. एके काळी झकपक राहणारा हा गडी आता टोपीऐवजी डोक्याला मोजा घालतो. चेहऱ्याची लाली जाऊन शिशाची कळा आली आहे, डोळे चिपडे झाले आहेत. तोंड असं का झालं, असं यात्रेचा म्होरक्या विचारतो. विस्तव फुंकून फुंकून, गडी सांगतो. तो आता गुपितं फोडणार हे कॅननच्या ध्यानात येतं आणि तो घोड्याला टाच मारून पसार होतो. मग गडी सगळंच सांगून टाकतो.

भांडं फुटण्याचा प्रसंग मी पुन्हा पुन्हा वाचतो. धातू भिंतींत घुसतात, जमिनीत रुततात, छपरापर्यंत उडतात. लगेच भांडण. एक म्हणतो, आच फार वेळ दिली. दुसरा म्हणतो, फुंकण्यात चूक झाली. इथे आपला गडी धास्तावतो, कारण ते काम त्याचं. तिसरा मिश्रणाला नावं ठेवतो, चौथा म्हणतो की सरपण बीचचंच हवं होतं. मग झाडून, चाळून, उरलंसुरलं गोळा करायचं आणि पुन्हा मांडायचं! अपघातानंतर बोट आधी कुणाकडे वळतं, हे सहाशे वर्षांपूर्वी इतकं नेमकं कुणी लिहिलं असेल, असं मला वाटत नाही.

डोक्यावर कर्ज, अंगाची ही दशा, सोनं होणार नाही हेही कळलेलं. तरी हा नाद सुटला नाही, असं तो स्वतःच कबूल करतो. मी तर ही कथा केसपेपरसारखी वाचतो. त्यात धंदा आहे, किती वर्षं केला ते आहे, लक्षणं आहेत आणि व्यसनही आहे.

किमयेचा इतिहास इथे थोडक्यातच सांगतो. अलेक्झांड्रियातून ही विद्या अरबांकडे गेली आणि बाराव्या शतकापासून लॅटिन भाषांतरांतून युरोपात पोचली. चीनमध्ये तिचा रोख अमरत्वावर होता. आपल्याकडे रसशास्त्र वाढलं. पारा सगळीकडे होता.

पारा उकळतो ३५७ अंश सेल्सियसला, पण साध्या हवेतही त्याची वाफ होतच असते. तिला ना रंग, ना वास. श्वासातून गेलेल्या वाफेतला सुमारे ८० टक्के पारा शरीरात राहतो. हात कापू लागतात, हिरड्या सुजतात, लाळ सुटते. माणूस चिडका आणि बुजरा होतो. गड्याच्या यादीत पाऱ्याबरोबर हरताळ, गंधक, नवसागरही आहेत, त्यामुळे एकाच विषावर बोट ठेवणं मला पटत नाही. १७०० साली इटलीत बर्नार्दिनो रामाझ्झिनी या वैद्यानं कामगारांच्या रोगांवर ग्रंथ लिहिला. रोग्याला त्याचा धंदा विचारा, असा त्याचा आग्रह होता. मुलामा देणारे कारागीर, मुरानो बेटावरचे आरसे करणारे, रसायनं करणारे, सगळे त्यात आहेत. चॉसरचा गडी त्यांच्या तीनशे वर्षं आधीचा.

आपल्या रसग्रंथांनी पाऱ्याचे नाग, वंग, मल, वह्नी, विष वगैरे आठ दोष मोजले आणि त्यांपासून होणारे व्रण, कुष्ठ, दाह, मरणही सांगितलं. शुद्धीवरचा इतका भर पाहून मला या ग्रंथकारांविषयी फार आदर वाटतो. पण तो सगळा विचार औषध घेणाऱ्याचा. कोकणातल्या एका वैद्यांच्या रसशाळेत मी कज्जली होताना पाहिली. पारा आणि गंधक खलात घोटत राहायचे, चकाकीचा कणही दिसेनासा होईपर्यंत. त्याला निश्चंद्र म्हणतात. वैद्यबुवा गुणधर्म समजावत होते आणि मी तोंडाला फडकं बांधून बत्ता फिरवणाऱ्या काकांच्या हातांकडे बघत होतो. ते हात स्थिर होते, याचं मला फार बरं वाटलं.

राबणारे हात कुणाला आठवत नाहीत, नाव होतं ते गुरूचं. आयझॅक न्यूटनही किमयेच्या नादात होता. १६९३ साली त्याची झोप उडाली आणि त्यानं मित्रांवर भलते आरोप करणारी पत्रं लिहिली. १९७९ साली त्याच्या जपून ठेवलेल्या केसांत भरपूर पारा सापडल्याचं प्रसिद्ध झालं आणि ते दुखणं पाऱ्याचंच, अशी एकच चर्चा झाली. पण त्याचं अक्षर बिघडलं नव्हतं, दातही शाबूत होते, म्हणून मी शंका घेणाऱ्यांच्या बाजूचा. मला खरी उत्सुकता आहे ती हम्फ्रे न्यूटनची. आडनाव तेच, नातं काही नाही. केंब्रिजमधला त्याचा मदतनीस. त्यानं पुढे लिहून ठेवलं की वसंतात सहा आठवडे आणि शरदात सहा आठवडे भट्टी रात्रंदिवस क्वचितच विझे. एक रात्र न्यूटन जागे, दुसरी हा. हे सगळं कशासाठी चाललं आहे, ते मात्र त्याला कधी उमगलं नाही.