व्हिडिओ हलका करताना काय गळते?

मेळघाटातल्या एखाद्या पाड्यावरून आशाताई तान्ह्या बाळाचा व्हिडिओ पाठवते, तेव्हा अमरावतीत किंवा अकोल्यात बसलेले डॉक्टर त्यात दोन गोष्टी शोधतात: बाळ मिनिटाला किती श्वास घेते आणि श्वास घेताना छातीचा खालचा भाग आत ओढला जातो का. दोन महिन्यांच्या आतल्या बाळात ६० किंवा त्याहून अधिक श्वास म्हणजे धोक्याची खूण. पण पोहोचलेला व्हिडिओ कित्येकदा इतका धूसर असतो की हलते ती छाती की अंगावरचे फडके, तेच कळत नाही.

धारणी ते अमरावती सुमारे दीडशे किलोमीटर, त्यातला बराच रस्ता घाटाचा. २०१६ मध्ये डिजिटल गाव म्हणून गाजलेल्या हरिसालमध्ये टेलिमेडिसिनही आणले गेले, ते याच अंतरामुळे. तेव्हा चित्र पुसट होणे ही किरकोळ तक्रार नव्हे.

फुल एचडी व्हिडिओ काहीही न दाबता साठवला, तर एका मिनिटाला ११ जीबी लागतील. मोबाइल तो शंभर एमबीच्या आसपास बसवतो. कसा? एक चित्र पूर्ण ठेवायचे आणि पुढच्या चित्रांत बदलले तेवढेच नोंदवायचे. मागची भिंत हलत नाही, ती पुन्हा कशाला लिहा? शिवाय डोळ्याला सहसा जाणवत नाहीत असे बारकावे सरळ टाकून दिले जातात. व्हॉट्सॲपवर नेहमीसारखा पाठवला की व्हिडिओ आणखी दाबला जातो. अंधाऱ्या खोलीत सावळ्या त्वचेवरची छातीची हलकी हालचाल या छाटणीत आधी जाते. फाइल मोठी करून गेलेले परत येत नाही.

सीटी स्कॅनची गोष्ट वेगळी. रुग्णालयातली डायकॉम फाइल काहीही न गमावता दाबता येते, पण ती जेमतेम निम्मी-तिहाई होते. व्हिडिओची झिप केली तर तेवढाही फरक पडत नाही, कारण तो आधीच पिळून झालेला असतो.

‘कन्व्हर्ट’ या शब्दानेही घोटाळा होतो. एमकेव्ही, एमपी४ हे नुसते डबे आहेत. आतला माल न उघडता डबा बदलला तर दर्जा तसाच राहतो. माल पुन्हा शिजवला की प्रत्येक वेळी थोडा उतरतो.

म्हणून व्हिडिओ मुळातच छोटा काढावा. श्वास मोजायला एक मिनिट पुरते. खिडकीजवळ उजेडात, बाळ शांत असताना, छाती-पोट उघडे ठेवून, मोबाइल उशीवर टेकवून. हात थरथरला की भिंतही ‘हलते’ आणि डेटा तिच्यावरच खर्च होतो. पाठवताना ‘डॉक्युमेंट’ हा पर्याय निवडावा, मूळ फाइल जशीच्या तशी जाते. रेंज नसेल तर मूळ फाइल जपून ठेवावी आणि श्वास मोजून आकडा फोनवर सांगावा. तो कोणत्याही व्हिडिओपेक्षा हलका. आईची परवानगी घ्यावी, गावाच्या ग्रुपवर मात्र टाकू नये.

बाळ दूध ओढत नसेल, ओठ निळे पडले असतील किंवा झटके येत असतील, तर व्हिडिओ अपलोड होण्याची वाट पाहू नये. आधी १०८ ला फोन लावावा.