लॅबमधला जुना पीसी आणि तुमचा थीसिस

रिसर्चला लागलात की लॅबमध्ये विंडोज एक्सपीवाला एक पीसी भेटण्याची शक्यता बरीच आहे. डेटा वाचणारं सॉफ्टवेअर फक्त त्यावरच चालतं. एक्सपीचा सपोर्ट 2014 मध्येच संपला, आणि सगळ्यांचे पेनड्राइव्ह मात्र त्यात जाऊन येतात. मग तोच पेनड्राइव्ह तुम्ही थीसिस असलेल्या मशीनला लावता!

यावर चांगला उपाय म्हणजे व्हर्च्युअल मशीन, थोडक्यात व्हीएम. कॉम्प्युटरच्या आत दुसरा कॉम्प्युटर. व्हर्च्युअलबॉक्स फुकट आहे, त्यात जुनी विंडोज टाका (लायसन्स बघून) आणि ते सॉफ्टवेअर तिथेच चालवा.

पण आतल्या ऑपरेटिंग सिस्टिमला आवरतं कोण? पोपेक आणि गोल्डबर्ग यांनी 1974 मध्ये अट सांगितली होती: मशीनचा ताबा बदलू शकणारी प्रत्येक सूचना वरच्या नियंत्रकाकडे, म्हणजे हायपरव्हायझरकडे, यायलाच हवी. आपल्या पीसीतले एक्स-86 प्रोसेसर ही अट पाळत नव्हते. काही सूचना गुपचूप वेगळंच उत्तर देऊन मोकळ्या व्हायच्या, म्हणून सॉफ्टवेअरला खटपटी कराव्या लागत. 2005 मध्ये इंटेलने व्हीटी-एक्स आणलं, पुढच्या वर्षी एएमडीने एएमडी-व्ही. आता पाहुणी सिस्टिम थेट प्रोसेसरवर धावते आणि ठरावीक वेळीच हायपरव्हायझरकडे ताबा जातो. त्यामुळे साध्या आकडेमोडीत वेग फारसा पडत नाही. विंडोजच्या टास्क मॅनेजरमध्ये परफॉर्मन्सखाली सीपीयू उघडा, ‘व्हर्च्युअलायझेशन’ चालू आहे का ते दिसेल. बंद असेल तर बायॉसमध्ये सुरू करा. रॅम मात्र 16 जीबी तरी हवी. 8 मध्ये दोन्ही सिस्टिम रडतात.

आता सुरक्षेचं. भिंत हार्डवेअरची असली तरी खिडक्या आपणच उघडतो. शेअर्ड फोल्डरला लिहायची परवानगी दिलीत, तर आतला रॅन्समवेअर तुमच्या बाहेरच्या फाइलीही लॉक करू शकतो. जुन्या व्हीएमचं नेटवर्क बंदच ठेवा, क्लिपबोर्डही. आणि भिंतीलाही कधी तडा जातो: 2015 मध्ये सापडलेला ‘व्हेनम’ हा दोष क्यूएमूच्या नकली फ्लॉपी ड्राइव्हमध्ये होता. फ्लॉपी! कुणी वापरत नव्हतं, तरी कोड होताच. म्हणून हायपरव्हायझर अपडेट ठेवा, नको ती उपकरणं काढून टाका.

नवीन पॅकेज टाकण्याआधी स्नॅपशॉट घ्या. बिघडलं तर मिनिटभरात मागे जाता येतं. मात्र स्नॅपशॉट त्याच डिस्कवर असतो, डिस्क गेली की तोही गेला. थीसिसची कॉपी वेगळ्या डिस्कवर हवीच.