पिल्लांच्या ब्रूडरमधील थर्मोस्टॅट

मागील पाठात आपण चालू-बंद नियंत्रण पाहिले. आता त्याचे एक जिवंत उदाहरण घेऊ : कोंबडीच्या पिल्लांचा ब्रूडर, म्हणजे ऊब देणारी पेटी. नुकत्याच जन्मलेल्या पिल्लाला स्वतःचे तापमान नीट राखता येत नाही. पहिल्या आठवड्यात त्याला सुमारे ३५ अंश सेल्सिअस लागते. पुढे दर आठवड्याला साधारण ३ अंश कमी करत जातात.

समजा, पेटीतील आणि बाहेरील तापमानात १ अंश फरक असताना ५ वॅट उष्णता बाहेर जाते. थंडीच्या रात्री बाहेर १५ अंश असेल, तर ३५ राखायला १०० वॅट हवेत. विद्यार्थी इथे हमखास ‘जास्त असलेले बरे’ म्हणून २०० वॅटचे बल्ब लावतात. थर्मोस्टॅट ते निम्मा वेळच चालू ठेवतो, त्यामुळे सगळे ठीक दिसते. पण रिलेचा संपर्क चिकटला तर? दुपारी बाहेर ३० अंश असताना पेटी ३० + २००/५, म्हणजे ७० अंशांकडे जाऊ लागेल. पिल्ले त्याच्या कितीतरी आधीच मरतील. ६० वॅटचे दोन बल्ब घेतले तरी आकडा ५४ येतो. म्हणून ४० अंशांच्या आसपास उघडणारा द्विधातू कटआउट, शक्यतो हाताने रीसेट करण्याचा, मुख्य रिलेच्या एकसरीत जोडाच. हा खर्च टाळू नका.

संपर्क चिकटतो कशाने? थंड टंगस्टन तंतूचा रोध तापलेल्या तंतूच्या सुमारे दहाव्या भागाइतकाच असतो. त्यामुळे बल्ब लागताना क्षणभर अनेक पट प्रवाह वाहतो आणि ठिणगी पडते. चालू आणि बंद होण्याच्या तापमानांतील अंतर, म्हणजे हिस्टेरेसिस, ०.२ अंश ठेवले की रिले सारखा टकटक करत राहतो. १ अंश ठेवा. पिल्लांना तेवढा चढउतार चालतो. बल्ब विझला की पेटीत अंधार होतो, हेही ध्यानात घ्या. उष्णतेसाठी प्रकाश न देणारा सिरॅमिक हीटर वापरून उजेडासाठी वेगळा छोटा दिवा लावता येतो.

संवेदक पिल्लांच्या पाठीच्या उंचीवर बसवा. तो बल्बच्या थेट समोर असेल तर प्रारणाने स्वतःच तापतो, हीटर लवकर बंद करतो आणि पिल्ले गारठतात. मध्ये पत्र्याचा छोटा आडोसा पुरतो. संवेदक तुसात पडला तर उलट होते : त्याला थंडच भासते आणि हीटर चालूच राहतो. वायर घट्ट बांधा.

पेटीचा एक कोपरा मुद्दाम थोडा थंड ठेवावा, म्हणजे पिल्लांना सरकायला जागा राहते. मापन तपासायला त्यांच्याकडेच पाहा. हीटरखाली एकमेकांवर चढून गोळा झाली तर थंडी आहे. दूर कडेला जाऊन चोच उघडून धापा टाकत असतील तर उकाडा. सगळीकडे सारखी पसरलेली असतील, तर पडद्यावरचा आकडा अर्ध्या अंशाने चुकला तरी चालेल.