जाळीखालचे पाणी

न्हाणीघरातल्या जाळीखाली जो वाकडा भाग असतो, त्याला प्लंबर नहाणी ट्रॅप म्हणतात. त्याच्या वळणात साधारण दोन इंच पाणी कायम साचलेले असते. घर आणि मैलावाहिनी यांच्यामध्ये आडवे असते ते एवढेच पाणी. अलेक्झांडर कमिंग या लंडनच्या घड्याळजीने १७७५ मध्ये शौचकूपाखाली असे वाकडे नळकांडे बसवण्याचे पेटंट घेतले. तत्त्व आजही तेच आहे: सांडपाणी वळणावरून पुढे जाते आणि मागे राहिलेले पाणी गटारातला वायू अडवते. मात्र ते पाणी वाळले की ट्रॅप म्हणजे गटाराकडे उघडणारे नुसते भोक.

हे किती महागात पडू शकते, ते हाँगकाँगच्या अमॉय गार्डन्स वसाहतीने मार्च २००३ मध्ये अनुभवले. सार्सचा एक रुग्ण तिथल्या ई ब्लॉकमध्ये नातेवाइकांकडे आला होता. त्याला जुलाब होत होते आणि त्याने तिथले शौचालय वापरले. पुढच्या काही आठवड्यांत वसाहतीतल्या तीनशेहून अधिक लोकांना लागण झाली, त्यांतले ४२ दगावले. सरकारी तपासात बोट गेले ते बाथरूमच्या जमिनीतल्या ट्रॅपकडे. रहिवासी फरशी ओल्या फडक्याने पुसत. बादलीभर पाणी ओतून धुण्याची पद्धत नव्हती, त्यामुळे अनेक ट्रॅप कोरडे पडले होते. शौचकूप, बेसिन, टब आणि जमिनीची जाळी हे सगळे एकाच उभ्या पाइपला जोडलेले. दार लावून एक्झॉस्ट पंखा सुरू केला की तो कोरड्या ट्रॅपमधून त्या पाइपातली हवा, विषाणूंचे तुषार घेऊन, आत ओढायचा.

ट्रॅपमधले पाणी आपोआप भरणाऱ्या उपकरणाला ट्रॅप प्रायमर म्हणतात. अमेरिकेत बहुतेक ठिकाणी पाळल्या जाणाऱ्या प्लंबिंग संहितांनुसार, ज्या जाळीखालचे पाणी उडून जाण्याची शक्यता आहे तिथे असे काही संरक्षण द्यावेच लागते. रुग्णालये, मॉलची प्रसाधनगृहे, एसीच्या मशिनरीच्या खोल्या, पंपघरे: इथल्या जाळ्यांवर महिनोन्महिने पाणी पडत नाही.

सर्वांत प्रचलित प्रायमर म्हणजे मुठीत मावेल एवढा पितळी व्हॉल्व्ह. तो थंड पाण्याच्या अशा लाइनवर बसवतात, जिथे नळ दिवसभर उघडतो-मिटतो. नळ उघडला की लाइनचा दाब क्षणभर उतरतो, आतला दट्ट्या हलतो आणि थोडेसे पाणी ट्रॅपकडे सुटते. वीज लागत नाही. दुसरा प्रकार टायमरचा. तो ठरावीक वेळाने विजेवर व्हॉल्व्ह उघडतो.

बसवण्याचे काम छोटे, पण त्यात हयगय चालत नाही. आधी लाइन धुऊन घ्यावी लागते, कारण पाइप कापतानाचा कीस किंवा टेफ्लॉन टेपचा धागा व्हॉल्व्हच्या बैठकीत अडकला तर प्रायमर एक तर बंद पडतो किंवा सतत गळत राहतो. व्हॉल्व्हच्या आधी एक कॉक हवा. व्हॉल्व्ह उभा आणि जमिनीपासून पुरेसा उंच बसवायचा. तिथून ट्रॅपपर्यंतच्या नळीला सलग ढाळ द्यायचा. मधे एअर गॅप, म्हणजे पाणी मोकळ्या हवेतून पडेल अशी फट, ठेवावीच लागते. ती नसेल तर पुरवठ्याचा दाब गेल्यावर गटाराचे पाणी पिण्याच्या लाइनकडे उलटे ओढले जाऊ शकते. शेवटी नळ उघडून-मिटून त्या फटीत पाणी पडताना डोळ्यांनी पाहायचे. आणि हे सगळे भिंतीत गाडायचे नाही. झाकण उघडून हात पोहोचला पाहिजे. बसवला आणि विसरला असा प्रायमर काही वर्षांनी क्षाराने घट्ट होतो, हे त्या कोरड्या खोलीत कुणाच्या लक्षातही येत नाही.

महाराष्ट्रातल्या घरांना याची गरज आजवर फारशी भासली नाही. मोरीत बसून तांब्याने अंघोळ करायची आणि उरलेल्या पाण्याने फरशी धुऊन काढायची. ट्रॅप रोज आपोआप भरत असे. आता काचेच्या आडोशाने बाथरूमचा ओला आणि कोरडा भाग वेगळा होतो, आणि कोरड्या भागातली जाळी खरोखरच कोरडी पडते. मुलांकडे परदेशी सहा महिने राहून आलेल्या आईवडिलांना दार उघडताच जो वास येतो, त्याचा उगमही अनेकदा हाच. अशा घरासाठी पितळी प्रायमरचा खर्च करण्यापेक्षा साधी सोय बरी: बेसिनचे सांडपाणी थेट गटारात न सोडता जमिनीतल्या मल्टी ट्रॅपमधून न्यायचे. माणूस हात धुतो, ट्रॅप भरतो. हाँगकाँगच्या नव्या सार्वजनिक वसाहतींतही पुढे हेच तत्त्व आले; तिथला डब्ल्यू-ट्रॅप बेसिनच्या पाण्यावर भरतो.

ज्यांच्याकडे यांपैकी काहीच नाही, त्यांना हाँगकाँगच्या आरोग्य खात्याचा सल्ला लागू पडतो: प्रत्येक जाळीत आठवड्याला अर्धा लिटर पाणी. घर दीर्घकाळ बंद राहणार असेल तर त्या पाण्यावर थोडे खनिज तेल ओततात. तवंगामुळे बाष्पीभवन मंदावते. नव्या बांधकामात मात्र मल्टी ट्रॅप की प्रायमर, हे टाइल्स बसण्याआधीच प्लंबरशी बोलून ठरवायला हवे. नंतर नळी न्यायची तर फरशी फोडावी लागते, आणि तिच्याखालचे वॉटरप्रूफिंगही.