आघात आणि अर्थ : संकलक वॉल्टर मर्च यांच्या कार्यातील एक प्रकरण

चित्रपट-संकलकाचे काम म्हणजे नको असलेला भाग कापून टाकणे, असा समज रूढ आहे. वैयाकरणाचे काम म्हणजे लोकांच्या चुका काढणे, या समजाइतकाच तो खरा आहे. वॉल्टर मर्च या अमेरिकन संकलकाच्या कारकिर्दीतील एक प्रकरण या दृष्टीने भाषाभ्यासकास विचारार्ह वाटेल.

मर्च यांचा जन्म न्यूयॉर्क येथे १९४३ साली झाला. प्रथम ध्वनियोजनेचे काम केल्यावर फ्रान्सिस फोर्ड कपोला यांच्या ‘द कॉन्व्हर्सेशन’ (१९७४) या चित्रपटाचे संकलन त्यांच्याकडे आले. कपोला त्या काळात ‘गॉडफादर’च्या दुसऱ्या भागात गुंतलेले असल्याने अनेक निर्णय मर्च यांच्यावरच येऊन पडले. या चित्रपटाचा नायक हॅरी कॉल हा चोरून संभाषणे ध्वनिमुद्रित करणारा तंत्रज्ञ. सॅन फ्रान्सिस्कोतील युनियन स्क्वेअरमध्ये फिरणाऱ्या एका जोडप्याचे बोलणे तो टिपतो व ते पुन्हा पुन्हा ऐकतो. त्यात, संधी सापडल्यास तो आपल्याला ठार करील, अशा अर्थाचे एक वाक्य आहे. आघात ‘ठार करणे’ या क्रियेवर आहे, तोवर ते दोघे भयभीत, निरपराध ठरतात. चित्रपटाच्या अखेरीस तेच वाक्य ऐकू येते, परंतु आघात ‘आपल्याला’ या पदावर सरकलेला असतो. तो आपल्याला मारील, म्हणून आपणच त्याला आधी मारले पाहिजे, असा न उच्चारलेला उत्तरार्ध त्या आघातातून व्यक्त होतो. पदे तीच, त्यांचा क्रमही तोच; बळी मात्र मारेकरी झालेले असतात.

हा पालट संहितेत योजलेला नव्हता. चौकातील ध्वनिमुद्रण गोंगाटाने बिघडल्यामुळे मर्च यांनी दोघा नटांना एका शांत उद्यानात नेऊन संवाद पुन्हा म्हणवून घेतले. त्यांतील एका खेपेस फ्रेडरिक फॉरेस्ट यांनी आघात भलत्याच पदावर दिला. तो पाठ चुकीचा म्हणून बाजूस पडला होता. अखेरच्या ध्वनिमिश्रणाच्या वेळी मर्च यांना त्याचे स्मरण झाले.

येथे एक आक्षेप संभवतो. प्रेक्षकास वाटते की आपण तीच फीत ऐकत आहोत. प्रत्यक्षात दुसरा पाठ तिच्या जागी ठेवलेला आहे. बदल फितीत नसून हॅरीच्या ऐकण्यात झाला, असे समर्थन करता येते व ते बहुतांशी मान्य व्हावे. तरीही आक्षेप पुरता निरस्त होतो असे नाही. बोलीच्या क्षेत्राभ्यासात कोणी असे केले, तर त्याच्या सामग्रीवर कोण विश्वास ठेवील?

मराठीत हा प्रयोग अधिक कठीण होईल. विरोधदर्शक आघाताचे कार्य मराठी पुष्कळदा ‘च’ या अव्ययाकडे किंवा पदक्रमाकडे सोपवते. ‘आपल्यालाच’ असे म्हटले की भेद कागदावरही उघड होतो. भाषांतरकाराने अखेरीस ‘च’ घातला तर वाक्य तेच राहत नाही. न घातला तर सारा भार केवळ नटाच्या स्वरावर पडतो.

याच चित्रपटाचे संकलन करताना मर्च यांच्या ध्यानी आले की, ते जेथे छेद घेत तेथेच जीन हॅकमन यांची पापणी वारंवार लवत असे. विचाराचा एक घटक संपला की पापणी लवते, या त्यांच्या पुढील प्रतिपादनाचे मूळ येथे आहे. ते सिद्धान्त म्हणून पारखून घेतले पाहिजे; निरीक्षण म्हणून मात्र मोलाचे आहे. पुढे ‘अपोकॅलिप्स नाऊ’च्या (१९७९) ध्वनीसाठी एक आणि ‘द इंग्लिश पेशंट’च्या (१९९६) संकलन व ध्वनीसाठी दोन ऑस्कर त्यांना मिळाली.

१९९८ साली त्यांनी ऑर्सन वेल्स यांच्या ‘टच ऑफ ईव्हिल’ची पुनर्रचना केली. निर्मितिसंस्थेने आपला चित्रपट परस्पर बदललेला पाहून वेल्स यांनी १९५७ मध्ये ५८ पानांचे टिपण लिहिले होते. वेल्स १९८५ साली निवर्तले होते. त्यांचे टिपणच मर्च यांनी प्रमाण मानले. पाठचिकित्सेच्या रीतीने, आरंभीच्या दीर्घ दृश्यावर चढवलेली श्रेयनामावली व पार्श्वसंगीत त्यांनी काढून टाकले, आणि त्याखाली दडलेले रस्त्यावरचे आवाज पुन्हा ऐकू येऊ लागले.