पत्रिका फुकट, आणि पानांचा आकडाही हाती

मावसबहिणीचं लग्न घरगुती, बजेट बेताचं. पत्रिकांचं काम माझ्याकडे आलं. एक रुपयाही न लागता झालं, म्हणून लिहितेय.

पत्रिका कॅनव्हाच्या मोफत आवृत्तीत केली. मुकुटाचं चिन्ह असलेले नमुने पैसे मागतात, ते सोडून द्या. मुहूर्त आणि जेवणाची वेळ वेगवेगळी लिहा. कार्यालयाची गूगल मॅप्सची लिंक सोबत द्याच.

खरी कसरत उत्तरांची. केटररला पानांचा आकडा आधी हवा असतो आणि आपली मंडळी म्हणतात, "बघू, जमलं तर येतो!"

त्यावर गूगल फॉर्म. प्रश्न मोजकेच: नाव, मुलीकडचे की मुलाकडचे, किती जण, मुक्काम आहे का. फॉर्म शीटला जोडला की उत्तरं आपोआप तिथे जमतात, बेरीजही तिथेच करता येते. एका व्यक्तीला एकच उत्तर, ही मर्यादा लावू नका. ती लावली की गूगल लॉगिन मागतं आणि काका-मामा तिथेच थांबतात.

व्हॉट्सॲपच्या ब्रॉडकास्ट लिस्टमधून पाठवत असाल तर लक्षात ठेवा, ज्यांच्याकडे तुमचा नंबर सेव्ह नाही त्यांना निरोप पोचतच नाही.

पत्रिका फोटो किंवा पीडीएफ म्हणूनच पाठवा. लग्नपत्रिकेच्या नावाखाली एपीके फाइल पाठवून फोनवर डल्ला मारणारे भामटे आहेत. तशी फाइल आली तर उघडू नका.

आजी-आजोबांना मात्र फोनच करा, त्यांचा फॉर्म आपण भरायचा. नुसती लिंक पाठवणं मला तरी पटत नाही.

फॉर्म बनवताना कुठे अडलात तर खाली विचारा, सांगते.