बदली झाली, मॅटमध्ये जाऊ का?

एप्रिल-मे उजाडला की सरकारी कचेऱ्यांत फायलींपेक्षा बदल्यांच्या यादीचीच चर्चा जास्त. कुणाची मुदत भरली, कुणाची मुदतीआधीच उचलबांगडी होणार, कुणी कुठे शब्द टाकून ठेवलाय. हुकूम हाती पडला की पुढचा प्रश्न ठरलेला: मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जायचं का? पन्नास वर्षांपूर्वी बदलीविरुद्ध दाद मागायचं फारसं कुणाला सुचलंही नसतं. जे गेले, त्यांच्या हाती फार काही लागलं नाही.

तमिळनाडूचे मुख्य सचिव रॉयप्पा यांना त्या पदावरून दूर केलं, म्हणून ते सर्वोच्च न्यायालयात गेले. 1973 साली निकाल लागला आणि ते हरले. सरकारचा आकस सिद्ध होऊ शकला नाही. मनमानी आणि समता एकत्र नांदू शकत नाहीत, हे पुढे शेकडो याचिकांत वापरलं गेलेलं तत्त्व मात्र याच निकालातलं. रॉयप्पांना त्याचा काडीचा उपयोग झाला नाही.

1989चा निकाल त्याहून कडक. गुजरात वीज मंडळाच्या एका तांत्रिक सहायकाची सुरतहून उकाईला बदली झाली. तेव्हा दोन्ही ठिकाणं सुरत जिल्ह्यातच होती. गडी रुजू झालाच नाही, अर्जांवर अर्ज करत राहिला. मंडळाने त्याला नोकरीतून काढलं. उच्च न्यायालयाने सावरलं, सर्वोच्च न्यायालयाने नाही: बदली हा नोकरीचाच भाग आहे, स्थगिती नसेल तर आधी हजर व्हा. 1993मध्ये शिलाँगहून पौडीला पाठवलेल्या केंद्रीय कर्मचाऱ्याची पत्नी शिलाँगमध्येच नोकरीला होती. पती-पत्नीला शक्यतो एकत्र ठेवावं हे धोरण खरं, पण ते मार्गदर्शक आहे, हक्क नव्हे, असं न्यायालयाने सांगितलं.

महाराष्ट्रात चित्र पालटलं ते बदल्यांच्या कायद्याने. अण्णा हजारे यांच्या आंदोलनांनी रेटा लावला, 2005चा अधिनियम झाला आणि 1 जुलै 2006पासून लागू झाला. पदावधी साधारण तीन वर्षांचा, बदल्या एप्रिल किंवा मेमध्ये. मध्येच हलवायचं असेल तर कारण लेखी हवं आणि वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यताही. खरा फरक असा की आता साहेबाच्या किंवा मंत्र्याच्या मनातला आकस शोधत बसायचं कारण उरलं नाही. फाईल दाखवली की पुरे. आणि त्याच 2005 साली माहितीच्या अधिकाराचा केंद्रीय कायदा लागू झाल्याने फाईल मागताही येऊ लागली.

अशा फायलींत एक ओळ हमखास सापडे: ‘प्रशासकीय कारणास्तव’. कुठलं कारण, याचा पत्ता नाही. मागे एखाद्या लोकप्रतिनिधीचं शिफारसपत्र टाचलेलं. एवढ्यावर मुदतपूर्व बदली टिकत नाही, असं मॅट आणि मुंबई उच्च न्यायालयाने कितीदा तरी बजावलं. 2013मध्ये सर्वोच्च न्यायालयाने माजी सनदी अधिकारी सुब्रमणियन यांच्या याचिकेवर, बदल्यांची शिफारस करणारी नागरी सेवा मंडळं नेमायला सांगितली. राज्याने जानेवारी 2014मध्ये तसा निर्णय काढला. मग खात्यांनाही शहाणपण आलं. कारणं सविस्तर लिहिली जाऊ लागली, मंडळाची शिफारसही फायलीला जोडली जाऊ लागली. बदल्या थांबल्या असं मला तरी वाटत नाही. त्यांची कागदपत्रं सुधारली. शिवाय शुक्रवारी संध्याकाळी हुकूम काढून त्याच दिवशी एकतर्फी कार्यमुक्त करायची युक्ती आहेच. सोमवारी स्थगिती मागायला गेलेल्याला उत्तर मिळतं: तुम्ही आता त्या पदावर आहात कुठे?

झेडपीच्या शिक्षकांच्या बदल्या 2017च्या धोरणाने ऑनलाइन झाल्या. वशिल्याची जागा संगणकाने घेतली, पण सोपं क्षेत्र, अवघड क्षेत्र, पती-पत्नीतलं अंतर यावरून न्यायालयाच्या वाऱ्या काही चुकल्या नाहीत.

सार्वजनिक बँकांमधल्यांना राज्याच्या या बदली कायद्याचं संरक्षण नाही. 2020चं प्रकरण पाहा. इंदूरच्या एका बँक अधिकारी बाईंनी मद्यविक्रेत्यांच्या खात्यांतले गैरप्रकार वर कळवले, वरिष्ठाविरुद्ध लैंगिक छळाची तक्रारही केली. त्यांना जबलपूर जिल्ह्यातल्या एका शाखेत धाडलं गेलं. ती जागा त्यांच्यापेक्षा कितीतरी कनिष्ठ दर्जाच्या अधिकाऱ्याची होती. सर्वोच्च न्यायालयाने ही सूडाची बदली मानली, त्यांना इंदूरला परत आणायला लावलं आणि बँकेला 50 हजारांचा खर्च द्यायला सांगितला. त्या जिंकल्या त्या ढळढळीत आकसामुळे. तसा पुरावा हाताशी नसेल, तर बँक, विमा किंवा केंद्राच्या नोकरदारासाठी 1989चा तोच निकाल आजही उभा आहे: स्थगिती नसेल तर आधी हजर व्हा.